झ्यूस चोर नव्हता

इंदूरच्या राजेंद्र नगरात चार मराठी माणसे एकत्र बसली की पुराणांचा विषय निघतोच. अलीकडे त्या गप्पांत ग्रीक देवही येऊ लागले आहेत, आणि ते मुलांनी आणले आहेत. मुले पर्सी जॅक्सनची पुस्तके वाचतात, संगणकावरच्या खेळांत झ्यूसशी लढतात, ‘ट्रॉय’ सिनेमा पाहतात आणि मग आजोबांना विचारतात, हा झ्यूस कोण? आजोबांचे उत्तर तयार असते: आपलाच इंद्र, त्यांनी आपल्याकडून उचलला. हर्क्युलीस म्हणजे हरिकुलेश, अकिलीसची टाच म्हणजे कृष्णाचा तळवा, ट्रॉय म्हणजे लंका. हे मी गणपतीतल्या व्याख्यानात ऐकले आहे, लग्नाच्या पंगतीत ऐकले आहे आणि मोबाइलवर तर ते नित्य येते. सांगणारी माणसे शिकलेली आणि सज्जन आहेत, त्यांचा धर्माभिमान खरा आहे. तरीही हे विधान खोटे आहे. ते आपल्या देवांचा मोठेपणा वाढवत नाही, आणि आपल्याच माळव्यातला एक फार मोठा पुरावा आपल्या नजरेआड करते. म्हणून त्याचा प्रतिवाद करायला हवा.

इंदूरकरांवर ही जबाबदारी थोडी जास्तच आहे. सगळे जुने जग वैदिक होते, बाकीच्यांनी फक्त नावे बदलली, हा विचार ज्यांनी मराठी घराघरांत पोहोचवला ते पु. ना. ओक १९१७ साली इंदुरातच जन्मले. आझाद हिंद सेनेत काम केलेला हा माणूस होता आणि त्यांच्या देशप्रेमावर मी बोट ठेवणार नाही. पण ‘हरिकुलेश’ ही व्युत्पत्ती त्यांची नव्हे. ती राजपुतान्यात कंपनी सरकारचा अधिकारी असलेल्या कर्नल जेम्स टॉडच्या ग्रंथात १८२९च्या सुमारास आली. पुढे १८५२ साली एडवर्ड पोकॉक नावाच्या इंग्रजाने ‘इंडिया इन ग्रीस’ लिहून ग्रीसमधली गावे, डोंगर, टोळ्या सगळ्यांना भारतीय नावे चिकटवली. भाषाशास्त्र तेव्हा बाल्यावस्थेत होते, अशा तर्कांना कोणी अडवत नव्हते. ज्या कल्पनेला आज आपण स्वाभिमान म्हणून कवटाळतो, ती लंडनच्या छापखान्यातून आली आहे आणि तिथेही ती शंभराहून अधिक वर्षांपूर्वी सोडून दिली गेली.

मग ग्रीक आणि वैदिक देवांत नाते नाहीच का? आहे, आणि ते चोरीच्या कल्पनेपेक्षा कितीतरी सुंदर आहे. झ्यूस आणि ऋग्वेदातला द्यौस् एकाच मुळाचे आहेत. रोमनांचा जुपिटर म्हणजे द्यौष्पितरच. पहाटेची देवता तिकडे ईऑस, इकडे उषा. संस्कृत आणि ग्रीक या भाषा एका जुन्या, आता नष्ट झालेल्या भाषेच्या लेकी आहेत, हे १७८६ साली कोलकात्यात विल्यम जोन्सने सुचवले आणि पुढच्या पिढ्यांनी ध्वनिनियमांनी सिद्ध केले. पण पुढे काय झाले ते पाहा. ऋग्वेदात एकट्या द्यौसाचे एकही सूक्त नाही. पृथ्वीबरोबर जोडीने त्याला सहा सूक्ते मिळाली, बाकी तो मागे सरला आणि वज्र इंद्राच्या हाती गेले. ग्रीसमध्ये मात्र तोच आकाशपिता देवांचा राजा झाला आणि वज्रही त्याच्याकडेच राहिले. दोन भाऊ वेगवेगळ्या मुलुखांत गेले आणि आपापल्या कर्तृत्वाने वाढले. त्यांतल्या एकाला दुसऱ्याच्या घरचा चोर ठरवणे हा दोघांचाही अपमान आहे. शिवाय अथेना, अफ्रोडायटी, हेफेस्टस यांना वेदात जोड शोधू गेलात तर हाताला काही लागत नाही. अथेनाचे नाव क्रीटमधल्या क्नोसोसच्या मातीच्या पाट्यांवर इसवी सनापूर्वी हजाराहून अधिक वर्षांचे आहे आणि ते नाव बहुधा ग्रीक भाषेच्याही आधीचे आहे. अफ्रोडायटी सायप्रसमार्गे पश्चिम आशियातल्या इश्तार आणि अस्तार्तेकडून आली.

आता टाचेची गोष्ट. सर्वांत लोकप्रिय पुरावा हाच, म्हणून तो नीट तपासू. अकिलीसला आईने स्टिक्स नदीत बुडवले, टाच धरली होती म्हणून तेवढी कोरडी राहिली, ही कथा होमरमध्ये नाहीच. ‘इलियड’च्या एकविसाव्या सर्गात अ‍ॅस्टरोपायस नावाच्या योद्ध्याचा भाला अकिलीसच्या हाताला चाटून जातो आणि रक्त येते. होमरचा अकिलीस अभेद्य नाही, मरणार हे माहीत असूनही लढणारा माणूस आहे, आणि त्याचे सगळे मोठेपण त्यातच आहे. नदीत बुडवण्याची कथा आपल्याला प्रथम सापडते ती स्टेशियस या रोमन कवीकडे, इसवी सनाच्या पहिल्या शतकात. इकडे काय आहे? कृष्णाच्या तळव्याला जरा नावाच्या व्याधाचा बाण लागतो हे महाभारताच्या मौसलपर्वात आहे. दुर्वासाने अंगाला खीर फासायला लावली आणि तळवे तेवढे राहिले, ही कथाही अनुशासनपर्वात आहे. साम्य खरे आहे, ते मी नाकारत नाही. पण असाच एक उघडा भाग इराणच्या शाहनाम्यातल्या इस्फंदियारला आहे, त्याचे डोळे. जर्मनांच्या सिगफ्रीडला आहे, पाठीवर झाडाचे पान चिकटले होते तेवढी जागा. आणि दुर्योधनाला आहे: गांधारीने डोळ्यांवरची पट्टी काढून त्याला पाहिले, लाजेने झाकलेली मांडी तेवढी राहिली. ही शेवटची कथा आपल्या आजीने सांगितलेली, अगदी रक्तातली. पण पुण्याच्या भांडारकर संस्थेने १९१९पासून १९६६पर्यंत, जवळजवळ अर्धे शतक खपून सिद्ध केलेल्या महाभारताच्या चिकित्सित आवृत्तीत ती नाही. ती लोकांनी रचली. बलाढ्य माणूस कुठेतरी हळवा असतो ही जाणीव माणसाला जागोजाग, आपापल्या दुःखातून होते. तिला कोणाच्या खजिन्यातून चोरून आणावे लागत नाही. उशिराची एक रोमन कथा आणि आपली एखादी कथा शेजारी ठेवून अतिप्राचीन काळच्या चोरीचा निकाल देणे, हा न्याय नव्हे.

कथा उचललेली आहे हे कधी सिद्धच होत नाही असे मात्र समजू नका. होते, आणि त्याचा पुरावा कसा असतो तेही पाहण्यासारखे आहे. तुर्कस्तानातल्या बोगाझकोय इथे १९०६ पासून हित्ती राजांचे दप्तर निघाले, मातीच्या हजारो पाट्या. त्यांत कुमार्बी देवाचे गीत आहे. तो आकाशदेव अनूचे पुरुषत्व दातांनी तोडतो, गिळतो, त्यातून वादळाचा देव त्याच्या पोटात वाढतो आणि शेवटी राज्य घेतो. ग्रीक कवी हेसिअडने पाचेकशे वर्षांनी सांगितलेली युरेनस, क्रोनस आणि झ्यूस यांची कथा याच साच्याची आहे. इथे लिखित पाठ आहे, काळ आहे, वाटेतली बंदरे आहेत, म्हणून ग्रीकांनी ही कथा पूर्वेकडून घेतली हे ग्रीक विद्येचे पंडित बिनदिक्कत मान्य करतात. आणि त्याच बोगाझकोयच्या दप्तरात मितान्नी राजाशी झालेल्या तहाची पाटी निघाली, इसवी सनापूर्वी चौदाव्या शतकातली. तिच्यात साक्षी म्हणून मित्र, वरुण, इंद्र आणि नासत्य यांची नावे आहेत. आपल्या देवांचा बाहेरच्या जगातला हा सर्वांत जुना दाखला आहे. ओकांच्या शंभर व्युत्पत्त्यांपेक्षा ही एक पाटी वजनदार आहे. अभिमान हवा असेल तर तो तिचा बाळगावा.

पण इतक्या दूर तुर्कस्तानात जायची गरजच नाही. राजेंद्र नगरहून भोपाळमार्गे विदिशेला जा, अंतर अडीचशे किलोमीटरच्या आसपास. तिथे बेस नदीच्या काठी एक दगडी स्तंभ उभा आहे. गावातले लोक त्याला खाम बाबा म्हणतात, त्याला शेंदूर लावत, नवस बोलत. १८७७ साली अलेक्झांडर कनिंगहॅमने तो पाहिला, पण शेंदराचा थर इतका जाड होता की खाली अक्षरे आहेत हे त्याला दिसले नाही आणि त्याने स्तंभाला गुप्तकाळात टाकले. १९०९ साली ग्वाल्हेर संस्थानातल्या लेक नावाच्या अभियंत्याला थराखाली काही कोरलेले जाणवले, त्याने शेंदूर उतरवला आणि ब्राह्मी लेख वर आला. शिंद्यांच्या त्या मुलुखात १९१३ ते १९१५ या काळात देवदत्त रामकृष्ण भांडारकरांनी उत्खनन केले. पुढे १९६३ ते १९६५मध्ये पुरातत्त्वज्ञ खरे यांच्या उत्खननात स्तंभाजवळ एका लंबवर्तुळाकार मंदिराचा पाया लागला, स्तंभाहूनही जुना. वासुदेवाच्या ज्ञात मंदिरांत इतके जुने फार थोडे असेल.

लेख काय सांगतो? देवाधिदेव वासुदेवाचा हा गरुडध्वज तक्षशिलेचा रहिवासी, दिओनचा मुलगा हेलिओडोरस याने उभारला. तो स्वतःला भागवत म्हणवतो. तो यवन (म्हणजे ग्रीक) राजा अंतलिकित, म्हणजे अँटिअल्किडास, याचा दूत म्हणून काशीपुत्र भागभद्र राजाकडे आला होता. खाली दुसऱ्या लेखात तीन अमृतपदे सांगितली आहेत: दम, त्याग आणि अप्रमाद. काळ इसवी सनापूर्वी दुसऱ्या शतकाची अखेर.

या माणसाकडे जरा थांबून पाहा. त्याच्या नावात सूर्यदेव हेलिओस आहे, बापाच्या नावात झ्यूस आहे. ज्या राजाचा तो दूत, त्या अँटिअल्किडासच्या नाण्यांवर सिंहासनावर बसलेला झ्यूस आहे आणि त्याच्या समोर हत्ती आहे. अशा दरबारातला माणूस माळव्यात येतो, वासुदेवापुढे नतमस्तक होतो आणि आपले नाव, बापाचे नाव, गाव, राजा, सगळे तसेच ठेवून ते दगडावर कोरतो. झ्यूस म्हणजेच तुमचा इंद्र असे तो लिहीत नाही. वासुदेव म्हणजे आमचा हेराक्लीस (हर्क्युलीस) असेही लिहीत नाही, आणि हे तर तो सहज लिहू शकला असता, कारण ग्रीक दूत मेगॅस्थेनीस दोनशे वर्षांपूर्वी तसेच सांगून गेला होता: मथुरेचे शौरसेन हेराक्लीसला पूजतात. हेलिओडोरसने वासुदेवाला वासुदेवच म्हटले.

त्याच्याही आधी, इसवी सनापूर्वी १८०च्या सुमारास, अगाथोक्लीस या यवन राजाने चांदीची चौकोनी नाणी पाडली. १९७० साली अफगाणिस्तानातल्या आय-खानूम इथे फ्रेंच उत्खननात ती निघाली. एका बाजूला नांगर आणि मुसळ घेतलेला संकर्षण, दुसऱ्या बाजूला चक्र आणि शंख घेतलेला वासुदेव, लेख ग्रीकमध्ये आणि ब्राह्मीत. या दोन देवांच्या खात्रीने ओळखता येतील अशा सर्वांत जुन्या प्रतिमांत त्या मोडतात. त्याच राजाच्या इतर नाण्यांवर झ्यूस आपल्या हातात हेकेटी देवीला घेऊन उभा आहे. दोन्ही देव एका टांकसाळीत, प्रत्येक आपापल्या आयुधांसह. बलरामाच्या हाती त्याने हेराक्लीसचा सोटा दिला नाही, नांगर दिला. दुसऱ्याच्या देवाचा मान राखणे म्हणजे काय, हे त्या टांकसाळीतल्या कारागिरांना कळत होते.

आणि हे एकट्यादुकट्याचे नव्हे. भडोच बंदरात अपोलोडोटस आणि मिनँडर यांची जुनी नाणी अजून चालतात, आणि उज्जयिनीहून तिथे माल येतो, असे पहिल्या शतकातल्या ‘पेरिप्लस’ या ग्रीक सागरी मार्गदर्शिकेत नोंदले आहे. कार्ल्याच्या चैत्यगृहात धेनुकाकटच्या यवनांनी खांब दान दिले आणि आपली नावे कोरली. जुन्नरला यवनांची दाने आहेत, नाशिकच्या पांडवलेण्यांत उत्तरेकडून आलेल्या इंद्राग्निदत्त नावाच्या योनकाने, म्हणजे यवनाने, लेणे खोदवले. कोल्हापूरच्या ब्रह्मपुरीत १९४०च्या दशकात सातवाहनकालीन वस्तीत समुद्रदेव पोसायडनची छोटी कांस्यमूर्ती मिळाली. ती आज कोल्हापूरच्या टाउन हॉल संग्रहालयात आहे. कोणाची चोरी झाली, असा प्रश्न या माणसांना विचारला असता तर त्यांना तो कळलाच नसता.

उलट बाजूचा दावाही होऊन गेला आहे आणि तो आपल्याला किती झोंबला होता हे विसरू नये. आल्ब्रेख्ट वेबर या जर्मन पंडिताने म्हटले की रामायण होमरवरून बेतले आहे, सीताहरण म्हणजे हेलनचे अपहरण आणि लंकेचा वेढा म्हणजे ट्रॉयचा. १८७३ साली मुंबईत तेवीस वर्षांच्या काशिनाथ त्र्यंबक तेलंगांनी त्याला उत्तर दिले. ते पुस्तक मराठी माणसाच्या बौद्धिक इतिहासात मानाचे आहे. पण वेबरची युक्ती आणि आज आपल्या कट्ट्यावर चालणारी युक्ती यांत फरक काय? त्याने दोन गोष्टींतले वरवरचे साम्य घेतले आणि दिशा ठरवून टाकली, आपणही तेच करतो, फक्त बाण उलटा काढतो. वेबर चुकला असेल तर आपणही चुकतो. तेलंगांचा मुद्दा मान्य करायचा असेल तर ‘ट्रॉय म्हणजे लंका’ हे वाक्य तोंडातून काढता येणार नाही.

दुसरा आक्षेप जास्त रागाने घेतला जातो: ग्रीक देव व्यभिचारी, मत्सरी, भांडखोर, असल्या गोष्टी मुलांच्या हाती कशाला? हा आक्षेप आपण कोणाच्या तोंडून उचलला ते आठवावे. १८३०च्या दशकात मुंबईत जॉन विल्सनसारखे मिशनरी मोरभट दांडेकरांशी वाद घालताना आपल्या देवांच्या चरित्रांवर शब्दशः हाच आरोप करत होते. १८५७ साली विष्णुबुवा ब्रह्मचारी मुंबईच्या समुद्रकिनाऱ्यावर याच आरोपांना जाहीर उत्तरे देत होते. गोपींचे वस्त्रहरण आणि इंद्र-अहल्या ही त्या मिशनऱ्यांची हत्यारे होती. त्याच हत्याराने आज झ्यूसला मारायचे आणि आपण सुरक्षित आहोत असे समजायचे, हे चालणार नाही.

झ्यूसच्या प्रकरणांचा नकाशा काढून पाहा. अर्गॉसची डॅनाई, थीब्जच्या सेमेली आणि अल्कमेनी, स्पार्टाची लीडा, आर्केडियाची कॅलिस्टो, क्रीटला नेलेली युरोपा. जिथे राजघराणे किंवा जुना वंश आहे तिथे झ्यूसचा मुलगा आहे. प्रत्येक नगराला आपले मूळ त्याच्यापाशी न्यायचे होते. मराठी माणसाला हे समजायला खरे तर जड जाऊ नये. खंडोबाची म्हाळसा लिंगायत वाण्यांची, बाणाई धनगरांची, रंभाई शिंप्यांची, फुलाई माळ्यांची, चंदाई तेल्यांची. प्रत्येक समाजाने आपली मुलगी देवाला दिली आणि देवाला आपला जावई केला. होळकरांचे कुलदैवत हाच मल्हारी मार्तंड, आणि इंदूरच्या राजवाड्यात त्याचे देऊळ आहे. कोणी परका येऊन म्हणाला की तुमच्या देवाला पाच बायका, तर आपण त्याला समजावून सांगू की बाबा, ही पाच समाजांनी जोडलेल्या नात्यांची गोष्ट आहे. तेवढीच सवड ग्रीकांना द्यायला काय हरकत आहे? फरकही आहे, तो झाकू नये. खंडोबाची लग्ने आहेत आणि झ्यूसच्या बहुतेक कथांत बळजबरी आहे, स्त्रियांची फरपट आहे. पण हे ग्रीकांना दिसत नव्हते असे नाही. झेनोफनीसने इसवी सनापूर्वी सहाव्या शतकातच सुनावले होते की होमर आणि हेसिअड यांनी चोरी, व्यभिचार, फसवणूक ही माणसाची पापे देवांच्या माथी मारली. प्लेटोने आपल्या आदर्श नगरात अशा कथांना बंदी घातली. युरिपिडीसच्या नाटकांत माणसे देवांना तोंडावर जाब विचारतात. ज्या संस्कृतीने आपल्या देवांची इतकी कठोर तपासणी स्वतःच केली, तिला नीती शिकवायला आपण पुढे सरसावतो.

मला सर्वांत जास्त टोचते ते हे की या देवांच्या बाजूने बोलायला आज जवळजवळ कोणी उरलेले नाही. ही माणसांची खरी दैवते होती. एल्युसिसला डिमिटरच्या व्रतासाठी हजार वर्षांहून अधिक काळ लोक पायी जात, ऑलिम्पियात झ्यूसपुढे शंभर बैलांचा बळी पडे, बाळंतपणात बायका आर्टेमिसचा धावा करत. ३९१ आणि ३९२ साली रोमन सम्राट थिओडोसियसने हुकूम काढून बळी देणे, देवळात जाणे, घरातल्या देवाला धूप दाखवणेसुद्धा गुन्हा ठरवले. पार्थेनॉन पुढे चर्च झाले. देऊळ पाडले जाणे, पूजा बंद होणे याचा अर्थ काय, हे आपल्याला सांगावे लागत नाही. मग ज्यांचे देव कायद्याने मारले गेले, त्यांना मेल्यावर चोर म्हणण्याचा अधिकार आपल्याला कोणी दिला?

‘हे वाचून मुले आपले देव विसरतील’ ही भीती मी शेजाऱ्यांच्या डोळ्यांत पाहिली आहे आणि तिच्याबद्दल मला आस्था आहे. महाराष्ट्रापासून इतक्या दूर, हिंदीच्या गराड्यात, घरात मराठी आणि देवघर टिकवणे सोपे नाही. पण मुले देव विसरतात ती ग्रीक कथा वाचून नव्हे, घरात कोणी आपल्या कथा सांगत नाही म्हणून. ज्या मुलाला झ्यूस आणि द्यौस् यांचे नाते कळेल ते ऋग्वेद उघडून पाहील. ज्याला अकिलीसचे रक्त निघाल्याचे कळेल ते अभिमन्यू पुन्हा वाचेल. तेलंगांनी वेबरला उत्तर दिले ते होमरला दूर ठेवून नाही, दोन्ही काव्ये शेजारी ठेवून, प्रसंगामागून प्रसंग तपासून दिले. आपल्याकडे गणेशोत्सवात व्याख्याने होतात, वाचनालये आहेत, सहली निघतात. तेलंगांच्या त्या उत्तरावर एक व्याख्यान ठेवा, आणि पुढची सहल विदिशेला न्या. तिथे मुलांना ब्राह्मीतली हेलिओडोरसची अक्षरे बोटाने दाखवा आणि मग त्यांनाच विचारू द्या की या यवनाने आपल्या देवासाठी खांब का उभारला. त्याचे उत्तर ‘चोरी’ या शब्दात कुठेच सापडणार नाही.